सातची शिफ्ट

१४ जून १९६५, सोमवार. लंडनच्या सेंट जॉन्स वुड भागात, अ‍ॅबी रोडवर, ३ नंबरचा पांढरा बंगला. रस्त्यावरून बघणाऱ्याला एखाद्या सुखवस्तू वकिलाचं घर वाटावं. आत मात्र ईएमआय कंपनीचे स्टुडिओ आहेत. आपल्या आजोबांच्या तव्यांवर भोंग्यापुढे बसलेला जो कुत्रा असायचा, त्याची मालकीण ही कंपनी. इथलं काम सरकारी कचेरीसारखं चालतं. यंत्रं सांभाळणारे पांढऱ्या डगल्यात, ध्वनिमुद्रक टायमध्ये. दिवसाच्या तीन शिफ्ट ठरलेल्या: दहा ते एक, अडीच ते साडेपाच, सात ते दहा. प्रतिभेला जाग कधी येते याची चौकशी इथे कुणी करत नाही. घड्याळ बघायचं आणि कामाला लागायचं.

त्या सोमवारच्या दोन शिफ्ट बीटल्सच्या नावावर होत्या.

सकाळ

सकाळी काम नव्हतं. पॉल मॅकार्टनी तेव्हा ५७, विम्पोल स्ट्रीट इथे राहायचा. घर त्याचं नव्हतं, मैत्रीण जेन अ‍ॅशरच्या आईवडिलांचं होतं. जगभरच्या पोरी ज्याच्यासाठी किंचाळून बेशुद्ध पडत होत्या, तो पोरगा होऊ घातलेल्या (आणि पुढे न झालेल्या) सासऱ्यांच्या घरी माळ्यावरच्या खोलीत मुक्कामाला होता. घरही साधंसुधं नव्हे. वडील रिचर्ड अ‍ॅशर नामांकित डॉक्टर, 'मंचाउसन सिंड्रोम' हे नाव वैद्यकाला त्यांनीच दिलं. आई मार्गारेट ओबो शिकवायच्या आणि त्यांच्या जुन्या विद्यार्थ्यांत एक जॉर्ज मार्टिन होते, म्हणजे बीटल्सचे निर्माते. लंडन तेव्हा इतकं लहान होतं.

या माळ्यावर एका सकाळी पॉलला जाग आली ती एक आख्खी चाल डोक्यात घेऊनच. पलंगाशेजारी पियानो होता. उठला, सूर शोधले, चाल पकडली. आणि मग त्याला धडकी भरली. एवढी नेटकी चाल आपल्याला झोपेत सुचेल कशी? नक्कीच कुणाची तरी ढापली गेलीये. वडील जिम मॅकार्टनी तरुणपणी जॅझ वाजवणारे, घरात जुन्या गाण्यांचा रतीब. त्यातलंच काहीतरी वर आलं असणार. मग कित्येक आठवडे हा माणूस भेटेल त्याला चाल ऐकवून विचारत हिंडला, 'ओळखीची वाटते का?' गायिका अल्मा कोगनला विचारलं, 'ऑलिव्हर!'वाल्या लायनेल बार्टला विचारलं, मार्टिनना विचारलं. सापडलेलं पाकीट चौकीत जमा करावं तसा हा प्रकार होता, ही उपमा त्याचीच. दावा सांगायला कुणी आलं नाही, तेव्हा वस्तू त्याची झाली.

चालीला शब्द नव्हते. आपल्याकडचे संगीतकारही चालीचा साचा धरून ठेवायला आधी काहीबाही डमी बोल टाकतात. पॉलने टाकलेला डमी बोल होता 'स्क्रॅम्बल्ड एग्ज', म्हणजे जवळजवळ आपली अंडा भुर्जी. या नावानेच ते गाणं बरेच महिने जगलं. 'हेल्प!' सिनेमाच्या चित्रीकरणात सेटवर पियानो दिसला की पॉल तेच घेऊन बसायचा, इतका की दिग्दर्शक रिचर्ड लेस्टर वैतागले आणि पुन्हा वाजवलंस तर पियानोच उचलून नेतो असा दम त्यांनी भरला.

दुपारी अडीच

स्टुडिओ नंबर दोन. उंच छताचा हॉल, आणि ध्वनिमुद्रणाची खोली वरच्या अंगाला, लाकडी जिना चढून काचेमागे. वर जॉर्ज मार्टिन, ध्वनिमुद्रक नॉर्मन स्मिथ, त्यांच्या हाताखाली फिल मॅकडॉनल्ड. टेपवर चार ट्रॅक, बस्स. आज कुणाच्याही खिशातल्या फोनवर याहून जास्त ट्रॅक असतात.

दोनच दिवसांपूर्वी, शनिवारी, चौघांना राणीकडून एमबीई जाहीर झाला होता. लिव्हरपूलच्या पोरांना शाही पदक! काही जुने मानकरी संतापून आपली पदकं परत करायला निघाले होते. हे सगळं बाहेर. आत शिफ्ट सुरू झालेली.

पहिलं गाणं 'आय्‌व्ह जस्ट सीन अ फेस'. घरात त्याचं नाव होतं 'आंटी जिन्स थीम', कारण पॉलच्या धाकट्या आत्याला ती चाल आवडायची. खाली घाईघाईने पळणाऱ्या अकूस्टिक गिटारी, वर एका दमात म्हटलेले शब्द. सहा टेकमध्ये मोकळं.

साडेपाचच्या आत

दुसरं गाणं 'आय्‌म डाउन'. हे लिटल रिचर्डच्या वळणाचं, म्हणजे गायचं कमी आणि बोंबलायचं जास्त. पॉलने घसा फाडून सात टेक दिले. एका टेकनंतर तो 'प्लॅस्टिक सोल' असं काहीतरी पुटपुटताना टेपवर सापडतो. गोऱ्या गायकांनी काळ्यांची गायकी उचलली की काळे कलावंत त्याला मारत तो हा टोमणा. त्याच वर्षीच्या डिसेंबरात आलेल्या 'रबर सोल' या तबकडीच्या नावाचं मूळ या पुटपुटण्यात आहे.

आपल्याकडचा कुणी उस्ताद हे बघता तर कपाळाला हात लावता. रात्री हळुवार चीज गायची आहे म्हणून दिवसभर मौन धरणारे, गळ्याला मफलर गुंडाळणारे लोक आपण पाहिलेले. इथे त्याच गळ्याने दुपारभर कंठशोष केला आणि संध्याकाळी सातला तो नाजूक काम करणार होता. वय बावीस. चार दिवसांनी तेवीस पूर्ण होणार. त्या वयात गळाही ऐकतो बहुतेक.

साडेपाच ते सात

सुट्टी. तेवढ्यात शब्दांचं सांगून टाकतो.

भुर्जीचं गाणं झालं ते दोन-अडीच आठवड्यांपूर्वी, मे अखेरीस, पोर्तुगालात. 'शॅडोज' बँडचा ब्रूस वेल्च याच्या अल्बुफेइरातल्या बंगल्यावर पॉल आणि जेन सुट्टीला निघाले होते. लिस्बनच्या विमानतळावरून दक्षिणेला मोटारीचा लांबचा रस्ता. जेन झोपलेली, पॉल मागे बसून यमकं जुळवतोय. तीन अक्षरांचा एक शब्द सापडला, 'येस्टरडे', काल, आणि त्याच्या शेपटाला जुळणारे शब्द भराभर मिळत गेले. बंगल्यावर पोचल्यावर त्याने पहिली मागणी केली ती गिटारची. वेल्चची गिटार उजव्या हाताची, पॉल डावखुरा. तशीच उलटी धरून त्याने गाणं वाजवून दाखवलं. म्हणजे शब्दांसकट या गाण्याचा पहिला श्रोता दुसऱ्याच बँडचा गिटारवाला होता.

संध्याकाळी सात

आता खरी अडचण. बँड चौघांचा आणि गाणं एकट्याचं. रिंगोने ड्रमवर काय करायचं? जॉनची गिटार कुठे घालायची? ज्याने त्याने विचार करून पाहिला आणि कुणालाच आपली जागा सापडली नाही. मार्टिननी सुचवलं, पॉल, तू एकटाच गिटार घेऊन गा, मग बघू. बीटल्सच्या नावाखाली एकाच बीटलने गायलेलं आणि वाजवलेलं हे पहिलं गाणं. मला या प्रसंगात सगळ्यात मोठी वाटते ती बाकीच्या तिघांची समजूत. कुणी हट्टाने खंजिरी आणून वाजवली नाही.

पहिला टेक १९९६ साली 'अँथॉलॉजी २'मध्ये बाहेर आला, त्यामुळे त्या संध्याकाळचा एक तुकडा आपल्यालाही ऐकता येतो. सुरुवातीला पॉल जॉर्ज हॅरिसनला स्वरांची ठेवण समजावतोय. त्याने एपिफोन गिटारच्या सगळ्या तारा एक पूर्ण स्वर उतरवल्यात. पेटीवाल्यांच्या भाषेत सांगायचं तर हात पांढरी पाचचा आणि आवाज पांढरी चारचा. तारा सैल पडल्यामुळे गिटारला एक पोकळ, मऊ गंभीरपणा येतो. मग गाणं सुरू. दुसऱ्या कडव्यात दोन ओळींची अदलाबदल होते, त्याचं त्यालाच कळतं, आवाजात हसू डोकावतं, पण तो थांबत नाही.

दुसरा टेक घेतला. झालं. सहा टेक, सात टेक आणि दोन टेक असा त्या दिवसाचा हिशेब, आणि सगळ्यात कमी कष्ट याच गाण्याला पडले. अर्थात हा हिशेब फसवा आहे. दोन टेकच्या मागे महिनोन्‌महिन्यांची भुर्जी होती.

रॉकवाल्यांच्या बोलीत अशा संथ, हळव्या गाण्याला बॅलड म्हणतात. आपल्याकडे हा शब्द अ‍ॅक्वर्थसाहेबांनी १८९४ च्या पुस्तकात थेट पोवाड्याला चिकटवला, त्यामुळे मराठी वाचकाचा जरा गोंधळ होतो. इथे डफही नाही आणि अफझलखानही नाही. जवळचा शब्द शोधायचाच तर भावगीत. एकच आवाज, मोजकं वाद्य, दोन मिनिटं आणि वर थोडे सेकंद. कारागिरी मात्र बघण्यासारखी: कडव्याचं पहिलं वळण आठाऐवजी सातच मापांत संपतं. एक माप कमी पडतं, आणि ऐकणाऱ्याला काय निसटलं ते कळत नाही, निसटलं एवढंच जाणवतं.

रात्री दहा

शिफ्ट संपली. दिवसभरात तीन गाणी: एक आत्याला आवडणारं, एक बोंबलणारं, एक एकट्याचं.

गुरुवार, पुन्हा अडीच

मार्टिन म्हणाले, याला तंतुवाद्यं हवीत. पॉल बिथरला. तंतुवाद्यं म्हटल्यावर त्याच्या डोळ्यांपुढे मान्टोवानीचा साखरेच्या पाकात घोळलेला वाद्यवृंद आला. आपण रॉक अँड रोलवाले, ते चालणार नाही. मार्टिननी मधला मार्ग काढला: वाद्यवृंद नको, चौघेच घेऊ. दोन व्हायोलिन, एक व्हिओला, एक चेलो, अगदी शास्त्रोक्त चौकडी. मग पॉल मार्टिनच्या घरी बसून स्वरलेखनात लक्ष घालू लागला. स्वतःला नोटेशन येत नव्हतं, पण मतं होती. सूर सरळ लावा, हलवू नका, हा त्याचा आग्रह. चेलोला एका ठिकाणी कोमल निषादाची हरकत त्यानेच दिली, आणि ती जागा शास्त्रोक्त चौकडीत न बसणारी, सरळ ब्लूजमधली आहे. गोड गाण्यातली ही आंबट फोड मला फार आवडते.

१७ जूनला, पॉलच्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, वादक आले: टोनी गिल्बर्ट, सिडनी सॅक्स, केनेथ एसेक्स आणि चेलोवर फ्रान्सिस्को गाबारो. वाजवलं, मानधन घेतलं, गेले. त्याच दुपारी रिंगोने 'अ‍ॅक्ट नॅचरली' हे विनोदी कंट्री गाणं म्हटलं. या गाण्याचं नाव लक्षात ठेवा, ते पुन्हा येणार आहे. पुढे कॅन्टीनमध्ये पॉल गाबारोपाशी येऊन म्हणाला, ते गाणं जिंकणार बघा. म्हणजे निदान एकाला ठाऊक होतं.

प्रकाशनाची वेळ

ठाऊक असूनही ब्रिटनमध्ये ते सिंगल म्हणून काढलंच नाही. मार्टिननी मॅनेजर ब्रायन एप्स्टाइनना विचारून पाहिलं, यात बाकीचे तिघे नाहीत, पॉल मॅकार्टनीच्या नावाने काढू या का? एप्स्टाइननी साफ नकार दिला: काहीही होवो, हे बीटल्सचंच. आणि बीटल्सचं म्हणून सिंगल काढायला पोरांनाच लाज वाटत होती. रॉक अँड रोल बँडची अब्रू चौकडीच्या हाती कशी द्यायची? ६ ऑगस्टला 'हेल्प!'ची लाँगप्ले आली, तीत हे गाणं दुसऱ्या बाजूला, शेवटून दुसरं. आधी आत्याबाईंचं गाणं, नंतर लॅरी विल्यम्सचं दणदणीत 'डिझी मिस लिझी'. घरातल्या हळव्या मुलाला दोन दांडगटांच्या मध्ये बसवून फोटो काढावा, तशी जागा.

दुसऱ्या गायकांनाही देऊन पाहिलं. क्रिस फार्लोला ते फार मवाळ वाटलं. बिली जे. क्रेमरला ऐकवलं, तर त्याला हवं होतं धडधडीत काहीतरी. शेवटी मॅट मन्रोने गायलं आणि ब्रिटनमध्ये आठव्या नंबरापर्यंत नेलं. त्याचेही निर्माते मार्टिनच.

१ ऑगस्ट, रविवार. ब्लॅकपूलच्या एबीसी थिएटरमधून टीव्हीवर थेट कार्यक्रम. बाकीचे बाजूला झाले, पॉल एकटा. ओळख करून द्यायला जॉर्ज हॅरिसन आला आणि हौशी कलाकारांच्या स्पर्धेचा निवेदक बोलतो त्या थाटात त्याने लिव्हरपूलच्या पॉल मॅकार्टनीला संधी दिली. गाणं संपल्यावर जॉनने आभार मानले, रिंगोचे. थट्टेशिवाय हे गाणं पचवायचं कसं, हे त्यांना उमगलं नव्हतं.

१४ ऑगस्टला न्यूयॉर्कमध्ये एड सलिव्हन शोचं मुद्रण. इथे एक गंमत झाली. यादीत 'आय्‌म डाउन' होतं, 'अ‍ॅक्ट नॅचरली' होतं आणि 'येस्टरडे'ही होतं. जूनमधला सोमवार आणि गुरुवार एकाच रंगमंचावर आले. दुसऱ्या दिवशी शे स्टेडियमवर ५५ हजारांवर श्रोते, आणि शेवटाला पुन्हा तेच 'आय्‌म डाउन', जॉन कोपराने ऑर्गन बडवतोय. 'येस्टरडे' तिथे गायलंच नाही. त्या किंकाळ्यांत एकट्या गिटारीचं काय ऐकू जाणार होतं?

१३ सप्टेंबर, सोमवार

तेरा आठवड्यांनी पुन्हा सोमवार. आदल्या रात्री सलिव्हन शो घरोघर दिसला होता. सकाळी अमेरिकेतल्या दुकानांत कॅपिटॉल कंपनीची छोटी तबकडी हजर: 'येस्टरडे', आणि मागच्या बाजूला रिंगोचं 'अ‍ॅक्ट नॅचरली'.

अमेरिकेत सिंगल निघालं यात कुणाची दूरदृष्टी मानायचं कारण नाही. हा वाणसामानाच्या हिशेबाचा भाग होता. कॅपिटॉलने आपल्या 'हेल्प!' लाँगप्लेत फक्त सिनेमातली गाणी घेतली आणि उरलेली जागा केन थॉर्नच्या पार्श्वसंगीताने भरली. (त्या पार्श्वसंगीतात सतार आहे. याच सिनेमाच्या सेटवर जॉर्जने सतार पहिल्यांदा हातात घेतली, आणि तो धागा धरून १९६८ च्या जानेवारीत तो मुंबईच्या एचएमव्ही स्टुडिओत आपल्या वादकांबरोबर ध्वनिमुद्रण करत होता. पण ते दुसरं प्रकरण.) ब्रिटिश लाँगप्लेतली गाणी त्यामुळे कंपनीच्या हाती शिल्लक राहिली. शिल्लक माल विकायला काढला, आणि त्यात हे निघालं.

९ ऑक्टोबरला ते 'बिलबोर्ड'च्या यादीत पहिल्या क्रमांकावर पोचलं आणि चार आठवडे हललं नाही. रोलिंग स्टोन्सनी नोव्हेंबरात खाली ओढलं तेव्हा कुठे उतरलं. दहा लाखांवर प्रती गेल्या. रिंगोची बाजूही ४७ पर्यंत चढली.

खपापेक्षा मला कुतूहल आहे ते घेणाऱ्यांचं. तोवर बीटल्स म्हणजे पोरांचं खूळ. केस, किंकाळ्या, टीव्ही बंद कर. या गाण्याने घरातली मोठी माणसं दाराशी थबकली. त्यांना चौकडी ओळखीची वाटली आणि शब्द कळले, किंचाळणं तर नव्हतंच. मग मोठ्या माणसांचे गायक आले: १९६७ मध्ये रे चार्ल्स, १९६९ मध्ये सिनात्रा, आणि लास व्हेगासच्या मंचावरून एल्विस. १९८६ पर्यंत सोळाशेवर मुद्रणं झाल्याची नोंद गिनेसने केली. रॉकमधल्या कट्टर मंडळींना याचाच राग. बॉब डिलनने असली गाणी अमेरिकेत ढिगाने पडलीत अशा अर्थाचं नाक मुरडलं, आणि १९७० मध्ये जॉर्जला घेऊन स्टुडिओत बसल्यावर स्वतःच ते गाऊन पाहिलं.

तबकडीवर नाव मात्र नेहमीच्या करारानुसार 'लेनन-मॅकार्टनी'. जॉनचा या गाण्यात एक सूर नाही, एक शब्द नाही, आणि पुढे आयुष्यभर लोक त्याला या गाण्याबद्दल शाबासकी देत राहिले. स्पेनमध्ये पत्नी योकोबरोबर तो जेवायला गेला, तर व्हायोलिनवाल्याने टेबलाशी येऊन हेच वाजवलं आणि वाजवून झाल्यावर सहीसाठी व्हायोलिन पुढे केलं. जॉनने ही गोष्ट स्वतः हसत सांगितली आहे.

आणि मायदेशी

ब्रिटनमध्ये १९६५ चं सर्वोत्तम गाणं म्हणून त्याला आयव्हर नोव्हेलो पुरस्कार मिळाला. मार्च १९६६ मध्ये चार गाण्यांच्या ईपीवर ते आलं. सिंगल नाहीच. त्यासाठी बँड फुटावा लागला, आणि ईएमआयशी असलेला करार १९७६ च्या सुरुवातीला संपावा लागला. करार संपताच कंपनीला कुणाला विचारायचं कारण उरलं नाही. ८ मार्च १९७६ ला 'येस्टरडे' ब्रिटिश दुकानांत सिंगल म्हणून लागलं, ध्वनिमुद्रणानंतर दहा वर्षं आठ महिने आणि काही दिवसांनी, आणि आठव्या नंबरावर जाऊन थांबलं. म्हणजे मॅट मन्रोने नेलं होतं बरोब्बर तिथेच.

पॉल त्या वर्षी 'विंग्ज' या नव्या बँडबरोबर दौऱ्यावर होता. कार्यक्रमाच्या मध्यावर तो गिटार घेऊन बसायचा, आणि हे गाणं गायचा.